हात बारा, डोळे दोन

आमच्या भोईवाड्यातून चालत निघालं की परळला राजकमल स्टुडिओ लागतो. व्ही. शांतारामांनी तो १९४२ साली काढला. याच परळच्या बी.आय.टी. चाळीत बाबासाहेब वीसेक वर्षं राहिले. तेव्हा या माणसाचा इतिहास आपल्या बाजूनंही वाचला पाहिजे.

शांताराम राजाराम वणकुद्रे. जन्म १९०१, कोल्हापूर. शाळा थोडकी. रेल्वेच्या कारखान्यात मजुरी केली, मग बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत पडेल ते काम. डिग्री नाही, वशिला नाही. सिनेमा त्यांनी हातानं शिकला. हे मला फार मोठं वाटतं.

१९२५ साली पेंटरांनी 'सावकारी पाश' हा मूकपट काढला. तरण्या शेतकऱ्याचं काम शांतारामांनी केलं. सावकार जमीन गिळतो, शेतकरी शहरात येऊन गिरणीत लागतो. गिरणगाव असंच भरलं. पण आमच्या आज्याकडं सावकारानं गिळायला जमीनच नव्हती. आणि गिरणीतही साचाखात्याचं दार बंद. तुटलेला धागा तोंडानं ओढावा लागतो, म्हणून अस्पृश्याला तिथं घेत नव्हते. १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी हा सवाल उघड विचारला. पडद्यावर तो कुणी विचारला नाही.

१९२७ ला 'नेताजी पालकर'पासून शांताराम दिग्दर्शक झाले. त्याच वर्षी महाडला चवदार तळं पेटलं. १९२९ ला कोल्हापुरात चार भागीदारांबरोबर प्रभात उभी राहिली, १९३३ ला ती पुण्याला गेली. 'अमृतमंथन', 'कुंकू', 'माणूस' ही सगळी तिथली कामं.

आणि १९३५ ला 'धर्मात्मा'. नाव आधी 'महात्मा' होतं. गांधींची आठवण येते म्हणून साहेबाच्या सेन्सॉरनं ते बदलायला लावलं. बालगंधर्व झाले संत एकनाथ. एकनाथ महाराच्या घरी जेवतात आणि बामणं चवताळतात. त्या काळात हे पडद्यावर दाखवायला छाती लागत होती, हे मी नाकारत नाही. पण मोठा कोण ठरला? जेवणारा. जेवू घालणारा तिथल्या तिथंच राहिला. त्याच वर्षी १३ ऑक्टोबरला येवल्यात बाबासाहेब म्हणाले, हिंदू म्हणून जन्मलो तरी हिंदू म्हणून मरणार नाही. एकीकडं कुणीतरी आपल्या ताटात जेवतो म्हणून टाळ्या, अन् दुसरीकडं आपण पंगतच सोडून उठलो.

राजकमलमध्ये १९५७ ला 'दो आँखें बारह हाथ' आला. पुढच्या वर्षी बर्लिनला बक्षीस मिळालं. एक जेलर सहा खुनी कैद्यांना शेतीवर नेऊन माणसात आणतो. हात बारा कैद्यांचे, डोळे दोन जेलरचे. मला तर सगळा इतिहासच त्या नावात दिसतो. हात आपले, डोळे दुसऱ्याचे.

१९८५ सालचं फाळके पारितोषिक त्यांना मिळालं. १९९० ला ते गेले.

२०१३ च्या नागराज मंजुळेंच्या 'फँड्री'त शेवटी पोरगा दगड मारतो. तो दगड थेट बघणाऱ्याच्या अंगावर येतो. एकनाथाच्या त्या जेवणानंतर ७८ वर्षं गेली, तेव्हा डोळे आपले झाले.

शांतारामांची दया आपल्याला नको. त्यांचं हातानं शिकणं मात्र घ्या. ते कुणाच्या बापाचं नाही.