पडद्यावरचा हॅकर : भुरळ आणि मनाची सक्ती

संगणकाची कुलुपे तोडणारा तरुण प्रेक्षकांना नायक का वाटतो, याचे ठळक उदाहरण म्हणजे ‘मिस्टर रोबोट’ ही अमेरिकी दूरचित्रवाणी मालिका. सॅम एस्मेल यांची ही निर्मिती २०१५ ते २०१९ या काळात चार पर्वांत प्रसारित झाली. एलियट अल्डरसन या संगणक सुरक्षा अभियंत्याच्या भूमिकेसाठी रामी मालेक यांना २०१६ मध्ये एमी पुरस्कार मिळाला.

एलियट दिवसा यंत्रणांचे रक्षण करतो आणि रात्री ओळखीच्यांच्या खासगी आयुष्यात शिरतो. त्यामागे पैशाचा लोभ नाही. माणसांशी बोलणे न जमणाऱ्या एकाकी मनाची ती अनावर ओढ आहे. बलाढ्य कंपनीकडील कर्जाच्या नोंदी पुसून सामान्यांना मुक्त करण्याचे स्वप्न त्याचा गट पाहतो. कर्जाचा जाच ठाऊक असलेल्या प्रेक्षकाला ते भुरळ घालते. मात्र नोंदी नष्ट झाल्यावर हाल सामान्यांचेच होतात, हेही मालिका दाखविते.

वास्तव याहून रुक्ष आहे. ऑगस्ट २०१८ मध्ये पुण्याच्या कॉसमॉस सहकारी बँकेच्या यंत्रणेत शिरून चोरट्यांनी सुमारे ९४ कोटी रुपये लांबविले. त्यातील मोठी रक्कम बनावट कार्डांद्वारे २८ देशांतील एटीएममधून काढण्यात आली. २०२३ मध्ये पुण्यातील न्यायालयाने याप्रकरणी ११ जणांना दोषी ठरविले.

सहकारी बँका आणि पतसंस्थांचे जाळे असलेल्या नगर जिल्ह्यातील वाचकाला हा फरक सहज उमगावा. येथे खात्यातील नोंद म्हणजे कुणाची तरी आयुष्यभराची पुंजी असते.