फुले, जोतीराव : नाटककार म्हणून झालेला अभ्यास

फुले, जोतीराव गोविंदराव (१८२७–२८ नोव्हेंबर १८९०) : सत्यशोधक समाजाचे संस्थापक, शिक्षणकार्यकर्ते व ग्रंथकार. त्यांच्या चरित्रावर आणि सामाजिक विचारांवर मराठीत विपुल लेखन झाले आहे. प्रस्तुत नोंद ‘तृतीय रत्न’ (१८५५) या नाटकापुरती आणि त्या अनुषंगाने नाटककार म्हणून फुले यांच्याकडे पाहणाऱ्या अभ्यासापुरती मर्यादित आहे. नाटकाचे नाव काही ठिकाणी ‘तृतीय नेत्र’ असे दिलेले आढळते. ‘तृतीय रत्न’ हे नाव आता रूढ आहे.

संहितेचा इतिहास : हे नाटक लिहिले गेले १८५५ साली आणि छापले गेले १९७९ साली. या सव्वाशे वर्षांच्या अंतराचा परिणाम त्यावरील सगळ्या अभ्यासावर झालेला आहे, म्हणून येथे थोडा तपशील देणे भाग आहे.

पेशवाईत श्रावणमासी ब्राह्मणांना दक्षिणा वाटली जाई. या प्रथेचा उगम दाभाड्यांच्या दानधर्मात असून पुढे पेशव्यांनी ती मोठ्या प्रमाणावर चालवली. १८१८ नंतर इंग्रज सरकारने ती एकदम बंद केली नाही. रक्कम आखडती घेत त्यातला काही भाग १८२१ साली पुण्यात निघालेल्या संस्कृत पाठशाळेकडे वळवला. १८४९ साली पुण्यातील सुधारकांनी या निधीचा काही हिस्सा मराठी ग्रंथनिर्मितीला मिळावा असा अर्ज केला. लोकहितवादी त्यांच्यात होते. अर्जाला सनातनी मंडळींचा विरोध होता, त्या वेळी फुले यांनी आपली माणसे जमवून अर्जदारांना संरक्षण दिले, असे चरित्रकार सांगतात. पुढे मराठी पुस्तकांना बक्षिसे देण्याचे काम दक्षिणा प्राइज कमिटीकडे आले. ज्या निधीच्या नव्या वाटपासाठी फुले झटले होते, त्याच निधीच्या कमिटीपुढे त्यांनी १८५५ साली आपले नाटक ठेवले. तेव्हा त्यांचे वय अठ्ठावीसच्या आसपास होते आणि भिडेवाड्यातील मुलींची शाळा (१८४८) सुरू होऊन सात वर्षे झाली होती.

कमिटीने नाटक स्वीकारले नाही. याची हकीकत मिळते ती खुद्द फुले यांच्याच लेखणीतून. ‘गुलामगिरी’त (१८७३) ते सांगतात की, भटजोशांकडून होणाऱ्या फसवणुकीवर आपण १८५५ साली एक लहानसे नाटक करून कमिटीला दिले होते, पण तिथल्या भट सभासदांच्या आग्रहापुढे युरोपियन सभासदांचे काही चालले नाही. दीर्घकाळ अभ्यासकांच्या हाती नाटकाविषयी जे होते ते मुख्यतः एवढेच. लेखकाच्या नाराजीची नोंद होती, नाटक मात्र कुणाच्या वाचनात नव्हते.

महात्मा फुले समता प्रतिष्ठानच्या ‘पुरोगामी सत्यशोधक’ या नियतकालिकाने १९७९ साली हस्तलिखितावरून संहिता प्रसिद्ध केली. त्यामागे संपादक सीताराम रायकर यांचे परिश्रम होते. फुले यांना प्रत्यक्ष पाहिलेल्यांच्या आठवणींचे ‘आम्ही पाहिलेले फुले’ हे संकलनही रायकर यांचेच. महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाने धनंजय कीर व स. गं. मालशे यांच्या संपादनाखाली ‘महात्मा फुले : समग्र वाङ्मय’ १९६९ साली काढले, तेव्हा नाटकाची छापील संहिता उपलब्ध नव्हती. य. दि. फडके यांनी संपादित केलेल्या १९९१ च्या आवृत्तीत नाटक आहे आणि आज बहुतेक अभ्यासक त्याच पाठावरून काम करतात. शब्दाशब्दावर टीपा देणारी, हस्तलिखिताचे वर्णन करणारी स्वतंत्र चिकित्सक आवृत्ती या नाटकाला मिळायला हवी. समग्र ग्रंथातील एक प्रकरण म्हणून ते छापले जाणे पुरेसे नाही.

कथानक : एका कुणब्याची बायको गरोदर आहे. नवरा घरी नसताना जोशी भिक्षेला दारात येतो. तिची अवस्था ओळखून पोटातल्या बाळावर ग्रहांची पीडा असल्याचे भय घालतो, आणि उपाय म्हणून अनुष्ठान व ब्राह्मणभोजन सांगतो. नवरा-बायको ऐपत नसताना खर्चात पडतात. पुढे एक पाद्री येऊन त्यांच्याशी बोलतो, झालेली फसवणूक उलगडते, आणि अखेर दोघे शिकायचे ठरवतात. या शेवटात फुले दांपत्याच्याच शाळेचा संदर्भ आहे. विदूषक अधूनमधून बोलतो. संस्कृत नाटकातल्याप्रमाणे खादाडपणावर हशा मिळवणारा हा विदूषक नव्हे. जोशी काय बोलला आणि त्याच्या मनात काय होते यातले अंतर तो प्रेक्षकाला तिथल्या तिथे दाखवून देतो. पात्रांची भाषा बोलण्यातली आहे. ‘निबंधमाले’तून विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी पुढे फुले यांच्या मराठीवर व्याकरणाच्या अंगाने जी टीका केली, ती गद्यग्रंथांपुरती होती. हे नाटक त्यांच्यापुढे असते तर निदान संवादांच्या भाषेबद्दल तोच आक्षेप घेणे अवघड गेले असते, असे प्रस्तुत नोंदकाराला वाटते.

चरित्रकार व नाटक : पंढरीनाथ सीताराम पाटील यांचे चरित्र (१९२७) हे आरंभीचे. फुले यांना पाहिलेली माणसे तेव्हा हयात होती. धनंजय कीर यांचे इंग्रजी चरित्र १९६४ साली आले आणि फुले यांचे नाव मराठीबाहेर त्याने पोहोचवले. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांचे ‘ज्योतिचरित्र’ छोटेखानी आहे. या परंपरेत फुले प्रथम समाजसुधारक आहेत, मग ग्रंथकार. नाटककार जवळजवळ नाहीतच. संहिताच हाती नसल्याने पहिल्या दोघांना याबद्दल दोष देता येत नाही.

विद्यापीठीय अभ्यास : गेल ऑम्व्हेट यांच्या ‘कल्चरल रिव्होल्ट इन अ कलोनियल सोसायटी’ (१९७६) या ग्रंथाचा विषय ब्राह्मणेतर चळवळ हा आहे. नाटकाच्या प्रकाशनापूर्वीचे ते लेखन असल्याने येथे त्याचा उल्लेख पार्श्वभूमीपुरता. रोझलिंड ओ’हॅन्लन यांच्या ‘कास्ट, कॉन्फ्लिक्ट अँड आयडिऑलॉजी’ (केंब्रिज, १९८५) या ग्रंथात मात्र नाटकाला खरे स्थान मिळाले. मिशनऱ्यांचा प्रचार, पुण्यातली सुधारकी वर्तुळे आणि ग्रामीण धार्मिक व्यवहार यांच्या संदर्भात त्या फुले यांची जडणघडण तपासतात. १८७३ च्या ‘गुलामगिरी’तील विचार एकाएकी प्रकटलेले नसून त्यांचा एक पूर्वरंग आहे, हे दाखवायला १८५५ ची संहिता उपयोगी पडते. गो. पु. देशपांडे यांनी फुले यांचे निवडक लेखन इंग्रजीत संपादित केले (लेफ्टवर्ड, २००२). स्वतः नाटककार असलेल्या देशपांड्यांनी फुले यांना व्यवस्थेचा समग्र विचार करणारा विचारवंत म्हणून मांडले. हरी नरके यांचे काम दुहेरी होते. एकीकडे महाराष्ट्र शासनाच्या चरित्र साधने प्रकाशन समितीतून ग्रंथसंपादन, तर दुसरीकडे १९८० च्या दशकाच्या अखेरीस फुले यांच्यावर झालेल्या टीकेचा पुराव्यानिशी प्रतिवाद. त्या वादात नाटकाचा संबंध फारसा नव्हता.

या साऱ्या अभ्यासात एक बाजू राहून गेलेली दिसते. नाटक काय सांगते याची चर्चा पुष्कळ झाली, ते कसे सांगते याची थोडी. वस्तुतः नाटकाची रीत फुले यांनी १८५५ नंतर सोडलेली नाही. ‘गुलामगिरी’ हा धोंडीबा आणि जोतीराव यांचा संवाद आहे. ‘सत्सार’ (१८८५) आणि मृत्यूनंतर १८९१ साली निघालेले ‘सार्वजनिक सत्यधर्म पुस्तक’ यांतही प्रश्नोत्तरे चालतात. शंका विचारणारा, उत्तर देणारा, मध्येच टोमणा मारणारा आवाज त्यांच्या गद्यात वारंवार येतो. कमिटीने नाटक नाकारले, पण संवाद हे त्यांचे हत्यार राहिलेच. सत्यशोधकी जलशांत पुढे भीमराव महामुनी आदींनी गण-गवळणीच्या लोकप्रिय चौकटीत भटभिक्षुकीची जी थट्टा मांडली, तिचे या नाटकाशी साम्य आहे. मात्र जलसेकारांपुढे ही संहिता होती असे धरून चालता येत नाही. दोहोंचा मूळ स्रोत एकच लोकपरंपरा असावी, हे अधिक संभवते.

‘पहिले मराठी नाटक’ हा वाद : विष्णुदास भावे यांचे ‘सीतास्वयंवर’ सांगलीत १८४३ साली झाले. विनायक जनार्दन कीर्तने यांचे ‘थोरले माधवराव पेशवे’ १८५७ साली लिहिले गेले व १८६१ साली छापले गेले. वाङ्मयेतिहासात पहिले स्वतंत्र मराठी नाटक म्हणून सहसा त्याचे नाव येते. तंजावरच्या भोसले राजांची नाटके सतराव्या शतकाच्या अखेरीपर्यंत मागे जातात. ‘तृतीय रत्न’ प्रसिद्ध झाल्यावर आधुनिक मराठी नाटकाचा आरंभ त्याच्यापासून धरावा असा आग्रह अनेकांनी मांडला. पुराणातला वा इतिहासातला विषय न घेता समकालीन सामान्य माणसाच्या घरातला प्रसंग घेणारे पहिले स्वतंत्र नाटक, एवढ्या मर्यादित अर्थाने हा दावा बळकट आहे. प्रयोग किंवा छपाई ही कसोटी लावली तर तो टिकत नाही.

पाद्रीचे पात्र : शहाणपण सांगायला ख्रिस्ती पाद्रीच का, यावर मतभेद आहेत. फुले स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकले होते, तथापि त्यांनी धर्मांतर केले नाही.

तौलनिक टिपण : ग्यॉर्ग ब्युख्नर (१८१३–१८३७) या जर्मन नाटककाराशी फुले यांची तुलना करण्यास वाव आहे. ब्युख्नरने १८३४ साली हेसच्या शेतकऱ्यांसाठी एक गुप्त पत्रक लिहिले. राज्याच्या करवसुलीचे आकडे मांडून ते पैसे कुणाच्या घामाचे आणि जातात कुठे, हे त्यात दाखवले होते. पाद्री व शिक्षक लुडविग वाइडिश याने त्यावर संस्कार केले आणि पुढे तो तुरुंगात मेला. ब्युख्नर निसटला आणि झुरिचला तेविसाव्या वर्षी तापाने वारला. शेतकऱ्याच्या लुबाडणुकीचा हिशेब मांडण्याची ‘शेतकऱ्याचा असूड’मधील (१८८३) रीत या पत्रकाच्या जवळची आहे. दोघांत प्रत्यक्ष देवाणघेवाण असण्याचा प्रश्नच नाही. ब्युख्नरचे ‘वॉयझेक’ हे एका गरीब शिपायावरचे अपुरे नाटक कार्ल एमिल फ्रान्झोस याने पुसट झालेल्या कागदांवर रसायने लावून वाचले. १८७९ साली त्याने ते ब्युख्नरच्या समग्र ग्रंथात छापले, आणि १९१३ साली म्युनिकमध्ये त्याचा पहिला प्रयोग झाला. संहिता-अभ्यासकांना या तारखांची गंमत वाटावी : ‘वॉयझेक’ ग्रंथात आले त्यानंतर बरोबर शंभर वर्षांनी ‘तृतीय रत्न’ छापले गेले. फरक असा की जर्मनीत त्यानंतर प्रतींचा क्रम, प्रसंगांची मांडणी आणि फ्रान्झोसच्या वाचनातल्या चुका यांवर पिढ्यान्‌पिढ्या काम झाले. ‘वॉयझेक’ हे नावही अशाच एका दुरुस्तीचे फळ आहे, कारण फ्रान्झोसने ते ‘वॉट्झेक’ असे वाचले होते. आल्बान बेर्गच्या ऑपेराला (१९२५) तेच चुकीचे नाव चिकटून राहिले. मराठीत मात्र छपाईनंतर चर्चा थेट आशयावर गेली.

प्रयोग : लेखकाच्या हयातीत नाही.

फुले यांच्यावरील नाट्य-चित्रकृती : आचार्य अत्रे यांचा ‘महात्मा फुले’ (१९५४) हा चित्रपट राष्ट्रपतींच्या रौप्यपदकाचा मानकरी ठरला. गो. पु. देशपांडे यांचे ‘सत्यशोधक’ हे नाटक आधी हिंदीत जन नाट्य मंचाने केले. मराठीत ते अतुल पेठे यांच्या दिग्दर्शनाखाली २०१२ च्या सुमारास आले. पुणे महानगरपालिका कामगार युनियनच्या या प्रयोगात झाडूकामगार नट होते, आणि दिवसाची पाळी संपवून ते तालमीला येत.