ठसठशीत अक्षरांची कुळकथा

जाहिरातफलकांवर आज सर्रास दिसणारं जाड, बिनटोकांचं रोमन अक्षर छापखान्यात प्रथम आलं ते लंडनमध्ये, आणि आलं तेव्हा ते फारसं जाड नव्हतं. १८१६च्या सुमारास चौथ्या विल्यम कॅस्लनने आपल्या टाइप फाउंड्रीच्या नमुनापुस्तकात एक ओळ छापली. नुसती कॅपिटल अक्षरं, टोकांच्या आडव्या रेघा छाटलेल्या, सगळे फटकारे जवळपास सारख्या जाडीचे. मजकूर काय, तर त्याचं स्वतःचं नाव आणि धंदा! पुढची दहाएक वर्षं त्या वाटेला कोणी गेलं नाही.

जाडी आली ती रस्त्यावरून. लॉटरी, नाटकं, लिलाव यांच्या पत्रकांनी लंडनच्या भिंती भरल्या होत्या आणि प्रत्येक पत्रकाला शेजारच्यावर मात करायची होती. रॉबर्ट थॉर्न या टाइप ओतणाऱ्याची लठ्ठ अक्षरं आधीच बाजारात होती. त्यांचे उभे फटकारे भरदार, पण आडवे केसासारखे. दुरून पाहिलं की केस दिसेनासे होत आणि उरत नुसते काळे खांब. सगळ्याच रेघा जाड केल्या तर अक्षर दुरूनही अख्खं दिसतं, हे बिनटोकांच्या घडणीचं खरं बळ. १८२८मध्ये व्हिन्सेंट फिगिन्सच्या फाउंड्रीने अशा अक्षरांचे मोठे खिळे, म्हणजे छपाईसाठी शिशात ओतलेली अक्षरं, विकायला काढले आणि मग लंडनच्या बाकीच्या फाउंड्र्याही भराभर मागे आल्या. बिनटोकांच्या अक्षराचं ‘सॅन्स-सेरिफ’ हे नावही फिगिन्सचंच, १८३२चं.

भिंतीएवढ्या अक्षरांना शिसं मात्र पेलवेना. मोठा खिळा जड, महाग आणि ओतताना बिघडणारा. न्यूयॉर्कच्या डॅरियस वेल्सने १८२७मध्ये लाकडी अक्षरं यंत्राने कोरायला सुरुवात केली, तेव्हा ही अडचण सुटली. त्याच्याशिवाय एकोणिसाव्या शतकातली ती अवाढव्य पोस्टरं शक्यच नव्हती, असं मला ठामपणे वाटतं.

खरी कसोटी लागते ती स्मॉल अक्षरांत. ‘ए’, ‘ई’, ‘एस’ जाड करत गेलं की त्यांच्या पोटातली पांढरी जागा बुजते आणि अक्षराचा नुसता डाग होतो. म्हणून जाड अक्षर घडवणाऱ्याचं कसब मी काळ्यापेक्षा त्या पांढऱ्यात शोधतो. १९६५मध्ये जेफ्री ली याने शेफील्डच्या स्टीफन्सन ब्लेक फाउंड्रीसाठी ‘इम्पॅक्ट’ हा टाइप घडवला, तो ठरलेल्या मापात कागदावर जास्तीत जास्त शाई बसवण्यासाठी. अक्षरं अरुंद, स्मॉल अक्षरं जवळजवळ कॅपिटलच्या उंचीची, पोटात जेमतेम फट. तरी ‘ई’ हा ‘ई’च वाचला जातो. १९९६मध्ये मायक्रोसॉफ्टने तो वेबसाठीच्या फुकट फॉन्टांमध्ये दिला आणि शिशाच्या खिळ्यांसाठी घडलेलं हे अक्षर, पांढरं अंग नि काळी कड घेऊन, मीममधल्या चित्रांवर जाऊन बसलं.