विस्मृत फात्मा बेगम

डिंडोलीत वास्तव्य करणाऱ्या आम्हां मराठी कुटुंबांस सुरत म्हटले की जरीकाम आणि हिरे आठवतात. फात्मा बेगम सहसा कुणास आठवत नाहीत. उर्दू रंगभूमीवरून आलेल्या या बाईंनी १९२२ साली ‘वीर अभिमन्यु’ या मूकपटात भूमिका केली. स्त्रीपात्रे बहुधा पुरुषच रंगवीत, त्या काळी हे लहान धाडस नव्हे. पुढे १९२६ साली त्यांनी ‘बुलबुल-ए-परिस्तान’ स्वतः दिग्दर्शित केला. भारतातील पहिल्या दिग्दर्शिका त्याच. सुरतेत जन्मलेली त्यांची कन्या झुबेदा १९३१ च्या ‘आलम आरा’ या पहिल्या बोलपटाची नायिका म्हणून ग्रंथांतरी राहिली. आई मागे पडली. देवस्थानच्या जमाखर्चाच्या वह्या आपण जपतो. ‘परिस्ताना’ची मात्र एकही प्रत उरली नाही. बाई १९८३ साली निवर्तल्या.