एसफोरसी : वेल्श भाषेची दूरचित्रवाहिनी

ग्रेट ब्रिटनच्या पश्चिमेला वेल्स हा डोंगरदऱ्यांचा छोटा देश आहे. तेथील मूळ भाषा वेल्श. या भाषेतून कार्यक्रम प्रसारित करणारी सार्वजनिक दूरचित्रवाहिनी म्हणजे एसफोरसी. 'शानेल पेदवार कम्री' हे तिचे पूर्ण नाव असून 'वेल्सची चौथी वाहिनी' असा त्याचा अर्थ होतो. १ नोव्हेंबर १९८२ रोजी तिचे प्रसारण सुरू झाले.

२०२१ च्या जनगणनेनुसार वेल्समध्ये वेल्श बोलणाऱ्यांची संख्या सुमारे ५ लाख ३८ हजार, म्हणजे लोकसंख्येच्या १७.८ टक्के इतकी आहे. या लोकांना इंग्रजीही येते. मग त्यांच्यासाठी सार्वजनिक पैशातून स्वतंत्र वाहिनी कशाला हवी, असा प्रश्न तेथे वारंवार विचारला गेला आहे. या वाहिनीचा इतिहास म्हणजे त्या प्रश्नाला एका लहान समाजाने दिलेले उत्तर होय. आमच्या वाचकांना त्याचा परिचय व्हावा, हा या लेखाचा हेतू आहे.

धर्माने जपलेली भाषा

वेल्श भाषा टिकून राहिली, त्यात धर्माचा वाटा फार मोठा आहे. सोळाव्या शतकात इंग्लंडच्या राजसत्तेने रोमशी संबंध तोडल्यावर वेल्समधील कॅथलिकांचा छळ सुरू झाला. त्या काळात शिक्षक असलेले संत रिचर्ड ग्विन यांनी आपल्या श्रद्धेचे समर्थन करणारी वेल्श पद्ये रचली. १५८४ साली रेक्सम येथे त्यांना देहदंड देण्यात आला. १९७० साली पोप सहावे पॉल यांनी त्यांना संतपद बहाल केले. वेल्सच्या भूमीवर छापले गेलेले पहिले पुस्तक हेही एक कॅथलिक धर्मपुस्तकच होते. १५८७ साली उत्तरेकडील समुद्रकाठच्या एका गुहेत ते गुप्तपणे छापण्यात आले. पुढच्याच वर्षी, १५८८ मध्ये, अँग्लिकन धर्मगुरू विल्यम मॉर्गन यांनी केलेला संपूर्ण बायबलचा वेल्श अनुवाद प्रसिद्ध झाला. त्यामुळे प्रशासनातून व न्यायालयातून हद्दपार झालेली भाषा उपासनेत मात्र मानाने नांदत राहिली.

एकोणिसाव्या शतकात शाळेने तिच्यावर घाव घातला. कित्येक शाळांमध्ये वेल्श बोलताना सापडलेल्या मुलाच्या गळ्यात खुणेची लाकडी पट्टी अडकवली जाई. मातृभाषा ही लाजिरवाणी गोष्ट आहे, हा धडा अशा रीतीने कोवळ्या वयातच मनावर बिंबवला गेला. १९०१ साली सुमारे निम्मी जनता वेल्श बोलत होती. १९८१ साली हे प्रमाण १८.९ टक्क्यांवर आले.

एका व्याख्यानाचा परिणाम

या घसरणीकडे समाजाचे लक्ष वेधणाऱ्यांत सॉन्डर्स लुइस यांचे नाव अग्रभागी घ्यावे लागेल. नाटककार, समीक्षक व राजकीय नेते असलेले लुइस हे एका मेथडिस्ट पाळकाचे पुत्र. १९३२ साली ते कॅथलिक झाले. १३ फेब्रुवारी १९६२ रोजी बीबीसीच्या नभोवाणीवरून त्यांचे 'भाषेचे भवितव्य' या विषयावर व्याख्यान झाले. परिस्थिती अशीच राहिली, तर एकविसाव्या शतकाच्या आरंभी वेल्श ही जिवंत भाषा म्हणून संपुष्टात येईल, असा इशारा त्यांनी दिला. भाषा वाचवण्यासाठी क्रांतिकारक मार्गांचीच आवश्यकता आहे, असे त्यांचे प्रतिपादन होते. त्याच वर्षी तरुणांनी वेल्श भाषा संघटनेची स्थापना केली.

याच सुमारास घरोघरी दूरचित्रवाणी येत होती. शाळा दिवसाचे काही तास भाषा शिकवते, प्रार्थनामंदिर आठवड्यातून एकदा ती ऐकवते. परंतु दूरचित्रवाणी दररोज संध्याकाळी स्वयंपाकघराच्या शेजारी येऊन बसते. आजीची भाषा एक आणि पडद्याची भाषा दुसरी असे झाले की मूल पडद्याची भाषा उचलते, हे पालकांच्या लक्षात येऊ लागले.

त्या वेळी बीबीसी आणि एचटीव्ही या दोन संस्था आपल्या इंग्रजी वाहिन्यांवर अधूनमधून वेल्श कार्यक्रम दाखवत. या व्यवस्थेने कोणाचेच समाधान झाले नाही. वेल्श भाषकांना कार्यक्रम तुटपुंजे व गैरसोयीच्या वेळी मिळत. वेल्श न जाणणाऱ्यांना आपले आवडते इंग्रजी कार्यक्रम हुकल्याचा राग येई आणि ते आपली अँटेना इंग्लंडमधील प्रक्षेपकांकडे वळवत. तेव्हा वेल्शसाठी स्वतंत्र वाहिनी असावी, ही मागणी दोन्ही बाजूंना पटण्यासारखी होती. १९७४ साली क्रॉफर्ड समितीने वेल्समधील नियोजित चौथी वाहिनी वेल्श कार्यक्रमांसाठी द्यावी, अशी शिफारस केली.

दिलेला शब्द आणि मोडलेला शब्द

१९७९ च्या सार्वत्रिक निवडणुकीत हुजूर पक्षाने हे आश्वासन जाहीरनाम्यात दिले होते. मात्र सत्तेवर आल्यावर त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये गृहमंत्री विल्यम व्हाइटलॉ यांनी ते मागे घेतले. वेल्श कार्यक्रम पूर्वीप्रमाणेच दोन वाहिन्यांत विभागून दाखवले जातील, असे त्यांनी जाहीर केले.

वेल्समध्ये संतापाची लाट उसळली. अनेकांनी दूरचित्रवाणीचे परवाना शुल्क भरण्यास नकार दिला. ऑक्टोबर १९७९ मध्ये पेन्कारेग येथील प्रक्षेपण केंद्रात शिरून तीन विद्वानांनी ते बंद केले. त्यांपैकी पेन्नार डेव्हिस हे धर्मशास्त्राचे अध्यापक व पाळक होते. तरुणांच्या चळवळीत प्रौढ, प्रतिष्ठित माणसे अशी उघडपणे उतरल्याने या प्रश्नाचे गांभीर्य सर्वांना उमगले.

५ मे १९८० रोजी प्लाइड कम्री या पक्षाचे अध्यक्ष ग्विनव्हॉर इव्हान्स यांनी निर्वाणीची घोषणा केली. सरकारने आपला शब्द पाळला नाही, तर ६ ऑक्टोबरपासून आपण आमरण उपोषण करू, असे त्यांनी सांगितले. इव्हान्स हे श्रद्धावान प्रोटेस्टंट ख्रिस्ती होते. त्यांचा अहिंसेवर विश्वास होता व महायुद्धाच्या काळात त्यांनी सदसद्विवेकबुद्धीला स्मरून सैन्यात जाण्यास नकार दिला होता. १९६६ साली ते आपल्या पक्षाचे पहिले खासदार म्हणून निवडून आले होते. उपोषणाची घोषणा केली तेव्हा त्यांचे वय ६७ वर्षांचे होते.

आमरण उपोषण नैतिकदृष्ट्या समर्थनीय आहे काय, हा प्रश्न येथे टाळता येणार नाही. मानवी जीवन ही परमेश्वराची देणगी आहे आणि ती स्वेच्छेने संपवण्याचा अधिकार माणसाला नाही, ही ख्रिस्तसभेची शिकवण आहे. त्यामुळे या मार्गाचे अनुकरण करावे, असे आम्ही म्हणणार नाही. परंतु त्या घोषणेमागे कोणाविषयी द्वेष नव्हता, हेही तितकेच खरे. इव्हान्स यांनी कोणाच्याही जिवाला धोका निर्माण केला नाही. दिलेला शब्द पाळा, एवढीच त्यांची मागणी होती.

उपोषणाची वेळ येऊ नये, म्हणून मध्यस्थीचे प्रयत्न झाले. वेल्सच्या अँग्लिकन चर्चचे आर्चबिशप जी. ओ. विल्यम्स, ज्येष्ठ राजकारणी क्लेड्विन ह्यूज आणि सर गोरोन्वी डॅनियल या तिघांनी सप्टेंबर १९८० मध्ये गृहमंत्र्यांची भेट घेतली. वेल्समधील मध्यममार्गी जनमतही आता सरकारच्या विरोधात गेले आहे, हे त्यांनी त्यांच्या निदर्शनास आणून दिले. १७ सप्टेंबर १९८० रोजी सरकारने आपला निर्णय बदलला. उपोषण झालेच नाही. दोन वर्षांनी वाहिनी सुरू झाली, तेव्हा तिच्या प्राधिकरणाचे पहिले अध्यक्षपद सर गोरोन्वी डॅनियल यांच्याकडे होते.

वाहिनीचे कार्य

आरंभी वाहिनीवर आठवड्याला सुमारे २२ तास वेल्श कार्यक्रम असत. उरलेल्या वेळेत ब्रिटनच्या 'चॅनल फोर'चे इंग्रजी कार्यक्रम दाखवले जात. वेल्श कार्यक्रमांपैकी १० तासांचे कार्यक्रम बीबीसी पुरवत असे, बाकीचे एचटीव्ही आणि स्वतंत्र निर्मात्यांकडून घेतले जात. वाहिनीने स्वतः निर्मिती न करता इतरांकडून ती करवून घेतली. त्यामुळे कार्डिफ आणि कायर्नार्व्हन येथे लहान निर्मितीसंस्था उभ्या राहिल्या. वेल्श जाणणाऱ्या लेखकाला, नटाला व छायाचित्रकाराला आपल्या भाषेत पोट भरता येऊ लागले. भाषेवर प्रेम करा, असे सांगणे सोपे असते. त्या भाषेतून उपजीविका मिळवून देणे मात्र कठीण, आणि ते कार्य या वाहिनीने केले.

बालकांकडे सुरुवातीपासूनच लक्ष देण्यात आले. पहिल्याच दिवशी 'सुपरटेड' या अस्वलाची चित्रमालिका प्रसारित झाली आणि पुढे ती अनेक देशांत पोहोचली. जगभरच्या मुलांना ठाऊक असलेला अग्निशामक सॅम हाही मुळात याच वाहिनीसाठी निर्माण झाला. २००८ साली लहान मुलांसाठी 'किउ' ही खास सेवा सुरू करण्यात आली. पहिल्या महायुद्धात मरण पावलेल्या कवीच्या जीवनावरील 'हेद विन' हा १९९२ चा वेल्श चित्रपट ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला.

आमच्या वाचकांना विशेष वाटेल असा कार्यक्रम म्हणजे 'देख्राय कानी, देख्राय कानमोल'. गायनास आरंभ करा, स्तुतीस आरंभ करा, असा त्याचा अर्थ. १९६१ साली बीबीसीवर सुरू झालेला हा सामुदायिक भक्तिगीतांचा कार्यक्रम पुढे एसफोरसीवर आला. चार आवाजांत एकत्र गाण्याची वेल्श परंपरा ही मुख्यतः प्रार्थनामंदिरांची देणगी आहे. मंदिरांतील उपस्थिती घटत गेली तरी त्या गीतांचा सूर या कार्यक्रमामुळे घराघरांत ऐकू येत राहिला.

पैसा आणि स्वायत्तता

प्रारंभी वाहिनीचा खर्च ब्रिटनमधील व्यापारी दूरचित्रवाणी कंपन्यांच्या वर्गणीतून भागवला जाई. १९९३ पासून सरकार थेट अनुदान देऊ लागले व २०१० साली ही वार्षिक रक्कम १० कोटी पौंडांच्या घरात होती. त्याच वर्षी सरकारने खर्चकपात जाहीर केली आणि हा भार टप्प्याटप्प्याने बीबीसीच्या परवाना शुल्कावर टाकला. एप्रिल २०२२ पासून वाहिनीचा सार्वजनिक निधी संपूर्णपणे परवाना शुल्कातून येतो. मोठ्या संस्थेच्या तिजोरीतून पैसा घेताना लहान संस्थेने आपले स्वातंत्र्य कसे राखावे, ही चिंता तेव्हापासून वेल्समध्ये व्यक्त होत आली आहे.

भाषा वाचली काय?

या प्रश्नाचे उत्तर सरळ नाही. २००१ च्या जनगणनेत वेल्श भाषकांचे प्रमाण २०.८ टक्क्यांपर्यंत वाढले. त्यात शाळांतील वेल्श शिक्षणाचा वाटा मोठा होता. त्यानंतर मात्र २०११ साली ते १९ टक्के व २०२१ साली १७.८ टक्के झाले. ग्विनव्हॉर इव्हान्स यांचा मतदारसंघ असलेल्या कारमार्थन परगण्यात ते २००१ साली सुमारे ५० टक्के होते, ते २०२१ साली ४० टक्क्यांपेक्षाही किंचित खाली आले. याच कारमार्थन नगरात २०१८ साली वाहिनीने आपले मुख्य कार्यालय हलवले. भाषा जेथे डळमळीत झाली आहे, तेथे रोजगार व प्रतिष्ठा पोहोचावी, हा त्यामागील विचार होता. २०५० पर्यंत १० लाख वेल्श भाषक, हे वेल्सच्या शासनाचे उद्दिष्ट आहे.

तरीही सॉन्डर्स लुइस यांनी सांगितलेला काळ उलटून गेला आणि वेल्श आजही मुलांच्या तोंडी आहे, ही गोष्ट लहान नव्हे. वाहिनी भाषेला मान देते, शब्द देते, नवे विषय देते. परंतु ती आईची जागा घेऊ शकत नाही. पडद्यावरची वेल्श मालिका पाहून झाल्यावर जेवणाच्या मेजाभोवती कुटुंब कोणत्या भाषेत बोलते, यावरच पुढच्या पिढीचा निकाल अवलंबून असतो. चळवळीने वाहिनी मिळवली, सरकारने ती चालवण्यास पैसा दिला. भाषा चालवण्याचे काम मात्र घराघरांतील माणसांकडेच राहिले आहे. आपापल्या घरची बोली प्रिय असलेल्या प्रत्येक वाचकाने वेल्सचा हा अनुभव ध्यानात ठेवावा, असे आम्हांस वाटते.