प्रेमविवाह, कायदा आणि आईचा प्रश्न

मंडळी, आज जरा जुनी कागदपत्रं चाळू. १८७२ च्या कायद्यानं नोंदणी लग्न करायचं तर दोघांनाही "आम्ही हिंदू, मुसलमान, ख्रिश्चन वगैरे कुठल्याच धर्माचे नाही" असं लिहून द्यावं लागे! १९२३ मध्ये हिंदू, बौद्ध, शीख, जैन यांच्यापुरती ही अट गेली. पण त्याबरोबर एक मेख मारली: असं लग्न करणारा एकत्र कुटुंबातून आपोआप वेगळा झाला असं धरलं जाई. कोल्हापुरात शाहू महाराजांनी १९१९ मध्येच आंतरजातीय लग्नाला कायद्याची मान्यता दिली होती. देशभर हिंदूंमधली अशी लग्नं वैध ठरायला १९४९ उजाडलं. १९५४ चा विशेष विवाह कायदा आला, तरी ती मेख तशीच राहिली. नवरा-बायको दोघंही हिंदू, बौद्ध, शीख किंवा जैन असतील तर ती लागू नाही, हे व्हायला १९७६ लागलं. इतक्या उशिरा पॅच आला म्हणायचा!

हे सगळं वाचायचं कारण माझी आई. आमगावसारख्या गावात पोरीचं कुठं जमलंय म्हटलं की जातीचा, समाजाचा विषय निघतोच. पण दोन्ही बहिणींच्या बाबतीत आईचा प्रश्न वेगळाच होता, "उद्या बिनसलं तर पोरीनं जायचं कुठं?" ठरवलेल्या लग्नात काका-मामा मध्ये पडतात. प्रेमविवाहात सगळे म्हणतात, तूच केलंस, तूच निस्तर.

१९५६ च्या वारसा कायद्याचं उत्तर काय होतं? वडिलांच्या घरात मुलीला वाटा, पण राहायचा हक्क फक्त ती अविवाहित, विधवा, टाकलेली किंवा विभक्त असेल तरच. वाटणीही भावांनी काढली तरच. म्हणजे नांदत्या लेकीला हक्काचा उंबरठा नाही. महाराष्ट्रानं १९९४ मध्ये मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत जन्मतः हक्क दिला, पण आधी लग्न झालेल्यांना वगळून. २००५ मध्ये केंद्रानं तो सगळ्या मुलींना दिला आणि राहण्यावरची ती अटही काढली.

म्हणजे कागदावर आईच्या प्रश्नाला उत्तर आहे. प्रत्यक्षात? भावाशी वाकडं नको म्हणून बहिणी हक्कसोडपत्रावर सही करून मोकळ्या होतात. तेव्हा भाऊलोकहो, बहिणीनं कुणाशी लग्न करावं यावर बोलण्याआधी एवढंच करा, तिचं नाव सातबाऱ्यावर राहू द्या. आयांची निम्मी काळजी तिथंच मिटेल.