२० मार्च १९२७ : चवदार तळ्याची ओंजळ

सार्वजनिक पाणवठे सर्वांना खुले करण्याचा सीताराम केशव बोले यांचा ठराव मुंबई विधिमंडळाने १९२३ मध्ये मंजूर केला. महाड नगरपालिकेनेही १९२४ मध्ये त्याला होकार दिला. पण तो कागदावरच राहिला. चवदार तळ्यावर गुरे पाणी पीत, अस्पृश्य माणसाला मात्र बंदी!

१९ मार्च १९२७ ला महाडमध्ये कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषद भरली. तळे तुडुंब असलेल्या गावात परिषदेला चाळीस रुपयांचे पाणी विकत घ्यावे लागले. अपमान म्हणतात तो हाच. दुसऱ्या दिवशी डॉ. बाबासाहेब आंबेडकर हजारोंसह शिस्तीने तळ्यावर गेले, पायऱ्या उतरले आणि ओंजळभर पाणी प्याले.

त्यानंतर वीरेश्वराच्या देवळात हे लोक घुसणार, अशी आवई उठली. जेवायला बसलेल्या प्रतिनिधींवर लाठ्या पडल्या. पुढे पंचगव्य ओतून तळे 'शुद्ध' करण्यात आले.

ऑगस्टमध्ये नगरपालिकेने आपला ठराव मागे घेतला, डिसेंबरात तळ्यावर जाण्यास कोर्टाचा मनाई हुकूम आला. तरीही सत्याग्रह परिषदेसाठी बाबासाहेब बोटीने दासगावला उतरून महाडला आले. २५ डिसेंबरच्या रात्री मनुस्मृतीचे दहन झाले.

तळ्याचा दावा नऊ वर्षांहून अधिक काळ चालला. मुंबई उच्च न्यायालयाचा अनुकूल निकाल लागला तो १७ मार्च १९३७ रोजी.